इस्पिक एक्का आणि गारगोटीचे पावणे

मी पावण्यांना डोळा मारला तेव्हा त्यांच्या तोंडात पोह्यांचा घास होता.

तो घास तिथंच थांबला. पावणे म्हणजे गारगोटीचे अण्णा, आमच्या धाकट्या सुरेखाला बघायला आलेल्या मुलाचे वडील. शेजारी मुलगा, त्याच्या शेजारी त्याची आई, आणि समोर मी, साठी उलटलेली बाई, एक डोळा मिटून बसलेली! (मिटला की उघडायला जरा वेळ लागतो. सवय नव्हती.)

खरं तर मला मारायचं होतं जावयाला.

आमचे थोरले जावई पुण्याचे. मे महिन्यात आमच्या थोरल्या मंगलला घेऊन आले की काहीतरी नवीन खूळ आणायचे. त्या वर्षी खुनाचा खेळ आणला. साधेच पत्ते. माणसाला एकेक पान वाटायचं. इस्पिक एक्का येईल तो खुनी, बदाम राजा येईल तो पोलीस, बाकी सगळे बिचारे. पान कुणाला दाखवायचं नाही. खुन्यानं गुपचूप डोळा मारायचा. ज्याला मारला त्यानं "मेलो" म्हणून पान टाकायचं, पण मारलं कुणी ते सांगायचं नाही. सगळे मरायच्या आत पोलिसानं खुनी पकडायचा.

माझी अडचण अशी की मला एक डोळा मिटता यायचा नाही. एक मिटला की दुसरा त्याच्या मागून जायचा. एक्का आला की मी पकडली गेलेच!

"आई, डोळा मारतीयास का डुलकी काढतीयास?" माझा मुलगा दिलीप ओरडला.

"राहू द्या आई, तुम्हाला नाही जमायचं," जावई म्हणाले.

हे वाक्य मला कुणी म्हणू नये. चौथीत माझी शाळा सुटली, हट्ट सुटला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळपासून सराव सुरू. आरशापुढं सराव, भाकरी थापताना सराव, नळावर सराव. (नळावरची शेजारीण अजून माझ्याशी बोलत नाही. सराव तिच्या नवऱ्यावर झाला.)

दुपारी पुन्हा डाव मांडला आणि एक्का माझ्याच हातात आला. एवढ्यात दारात जीप थांबली. संध्याकाळी यायचे पावणे ऊन डोक्यावर असतानाच हजर!

"या या, जयभीम!" म्हणत दिलीप पुढं झाला. सुरेखानं मला दंडाला धरून स्वयंपाकघरात ओढलं.

"आई, ऐक. ह्यो मुलगा मला पसंत हाय. आदीची समदी ठिकानं तुझ्या तोंडापायी मोडली."

(एकाला मी टक्कल पडलंय म्हटलं होतं. पडलंच होतं!)

"आज तू एक शब्द बोलायचा न्हाईस. कबूल?"

"कबूल."

मी कबुली पाळली. एक शब्द बोलले नाही. पण बाहेर येताना जावई कानात म्हणाले, "डाव मोडला नाही हं. पान सांभाळा." पान माझ्या पदराखाली होतं. जावई नेमके अण्णांच्या शेजारी बसले. पोहे आले. मी नेम धरला, डावा डोळा घट्ट मिटला, आणि जावई लिंबाची फोड घ्यायला वाकले! नेम माझा पक्का होता. माणूस हलला, त्याला मी काय करू?

अण्णांनी घास गिळला.

"बाई, तुमी मला खून केलीसा."

आमच्याकडं 'ण' आणि 'न' यांत कुणी फारसा फरक करत नाही. खूण काय आणि खून काय, तोंडातून एकच निघतं. पण जावई पडले पुण्याचे!

"खून?" ते आनंदानं ओरडले. "तुमचा? म्हणजे खुनी आई! अण्णा, तुम्ही मेलात की!"

"मेलं कोन?" अण्णा उभे राहिले. "पोरीत काय खोट हाय म्हनून खून केलीसा व्हय? तोंडानं सांगा की!"

तोंडानंच तर सांगायचं नव्हतं! मी जोरजोरात मान हलवली. त्या घाईत सरावाचा डोळा आपला आपण मिटला.

"अवो, परत केली!" मुलाची आई किंचाळली. "माझ्यासमोर माझ्या नवऱ्याला!"

दिलीपनं मला गप्प बसवायला पदर ओढला. पदराखालचा इस्पिक एक्का उडाला तो थेट अण्णांच्या पोह्यात पडला.

"जीपवाल्याला हाक मार," अण्णा मुलाला म्हणाले. मुलगा काही उठेना. तो दाराकडं बघत होता. दारात सुरेखा चहा घेऊन उभी होती.

तिनं ट्रे खाली ठेवला. मान खाली घातली नाही.

"अण्णा, बसा. आई मला वाईट म्हनत नव्हती, ती खेळत हुती. पटत न्हाई तर एक डाव खेळून बघा. मग खुशाल जावा गारगोटीला."

असं म्हणून तिनं पोह्यातला एक्का पुसला, पानं पिसली आणि वाटली. तोवर जावयांनी पावण्यांना नियम सांगितले. पुढ्यात आलेलं पान न बघता निघणं अण्णांना काही जमलं नाही. बसले.

आणि सुरू झाली मरणं! पहिला डोळा मला. "मेले" म्हणायच्या जागी मी "अगं बया!" म्हणाले. मग अण्णा. "आयला, मेलो!" म्हणून त्यांनी मांडीवर थाप मारली. दिलीप मेला, मंगल मेली, मुलगा लाजत मेला. नियम शिकवणारे जावई चहा पिता पिता मेले.

उरल्या सुरेखा आणि मुलाची आई. सुरेखानं बदाम राजा दाखवला.

"खुनी तुमीच."

"कवा कळलं?"

"तुमी आईला मारलासा तवाच."

"मग गप का बसलीस?"

"म्हटलं, मरू देत समदी. मग आपल्याला निवांत बोलता येईल."

बाई आल्यापासून पहिल्यांदा हसल्या आणि अण्णांकडं वळल्या. "अवो, हीच पोरगी. तारीख काढा."

"मेलेल्याला काय इचारतीस?" अण्णा म्हणाले.

मी मात्र इतका सराव करून सगळ्यांच्या आधी मेले. त्या डावात जिवंत राहिल्या दोघीच: सुरेखा आणि तिची सासू.