रडणारी बाई, सर्वसाधारण

माझी वहिनी एका बातम्यांच्या वाहिनीत नोकरी करते. "वहिनी वाहिनीत" हा विनोद आमच्या घरी इतक्यांदा झालाय की आता भाऊसुद्धा हसत नाही. तिची खोली तळघरात, बिनखिडकीची. वरून फोन येतो, "पूर पाठवा", "गर्दी पाठवा", की ही जुन्या चित्रीकरणातून तो तुकडा शोधून वर पाठवते.

सगळ्यात जास्त मागणी "रडणारी बाई, सर्वसाधारण" या तुकड्याला. दवाखान्याच्या बाकावर एक मुलगी, मांडीवर पुरुषी चपला, अर्धा चेहरा ओढणीत, ढसाढसा रडतेय. महागाई असो नाहीतर अपघात, तीच.

ती मुलगी वहिनीच आहे, हे घरात फक्त मला ठाऊक. तिचे वडील गेले त्या दुपारी भलत्याच बातमीसाठी आलेल्या कॅमेऱ्याने तिला टिपलं. नोकरी लागल्यावर तिला ते कळलं. आता अंगाने भरलीय, चष्मा लागलाय, त्यामुळे कुणी ओळखत नाही. आणि बापाचं मरण स्वतःच्या हाताने कांद्याच्या भावाला जोडायला पाठवते. माझ्या तर तळपायाची आग मस्तकात जाते.

"पुसून टाक की मेलं!" मी म्हणायचे.

"पुसायला साहेबांची सही लागते. सही मागितली की कारण सांगावं लागतं."

शेवटी तिने शक्कल लढवली. संगणकात त्या तुकड्याचं नाव बदलून "रिकामा रस्ता" केलं आणि वर कळवलं, सापडत नाही. काही महिने बाई सुखाने जेवली.

मग संप झाला, नेमकी ती रजेवर. वरच्यांनी आपणच शोधाशोध केली. आम्ही सगळे टीव्हीसमोर. निवेदक म्हणाला, "रस्त्यावर चिटपाखरूही नाही," आणि पडद्यावर वहिनी हमसून हमसून रडायला लागली.

"हिला मध्येच काय झालं?" भाऊ म्हणाला. वहिनी उठून स्वयंपाकघरात गेली.

दुसऱ्या दिवशी साहेब रागावतील म्हणून ती जीव मुठीत धरून गेली. साहेब तर खूश! "सापडली की हो आपली बाई! आता हिचा पत्ता काढा. इतक्या वर्षांनी ती कशी आहे, यावर कार्यक्रम करू. तुमच्याइतकं शोधणारं आहे कोण?"

"मग सांगून मोकळी हो ना एकदाची," मी म्हटलं.

"सांगितलं तर कॅमेऱ्यासमोर बसवून बाबांचं विचारतील," वहिनी म्हणाली. "आणि मला खरंच रडू येईल गं."