मुरमाचं मैदान आणि नजीरभाई टेलर

फोन आला तेव्हा मी वावरात होतो. सोयाबीनमध्ये कोळपणीचा डवरा चालला होता, बैलांच्या मागे मी, आणि खिशातला फोन वाजून वाजून थकला होता. वावराच्या कडेला धुऱ्यावर आल्यावर पाहिलं तर अस्लमचे चार मिस कॉल. अस्लम म्हणजे नजीरभाई टेलरचा थोरला मुलगा. तो मला एरवी कधी फोन करत नाही, त्यामुळे तिथेच उभं राहून लावला. "काका, अब्बा गेले. मशीनवर बसले होते, तसेच गेले..." एवढंच तो बोलला. मी डवरा तिथेच सोडला आणि चिखलाच्या पायांनी गावात आलो. शुक्रवारचा दिवस. अस्रच्या, म्हणजे दुपार कलतानाच्या नमाजनंतर आम्ही कब्रस्तानात मिट्टी देऊन परतलो. चाळीस वर्षांच्या सोबतीचा माणूस दोन तासांत आटोपला, असं मला वाटत राहिलं आणि कुणावर तरी चिडावंसं वाटत होतं. चिडायला माझ्याशिवाय कुणी नव्हतं. त्याला कारण आहे, ते पुढे येईलच.

आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातल्या नेरपासून एसटीनं अर्ध्या तासावर. कापूस, तूर, सोयाबीन आणि राजकारण ही आमची पिकं. अशा गावात फुटबॉल कुठून आला, असं बाहेरचे लोक हमखास विचारतात. तर तो नजीरभाईंच्या शिलाई मशीनसोबत आला. तरुणपणी ते अमरावतीला एका टेलरकडे काम शिकायला राहिले होते. तिथे संध्याकाळी पोरं फुटबॉल खेळायची, हेही त्यांच्यात मिसळले. काम शिकून परत आले ते एक जुनी मशीन आणि एक ठिगळ लावलेला बॉल घेऊन. मी तेव्हा मॅट्रिकला दुसऱ्यांदा बसलो होतो आणि घरच्यांच्या डोळ्यांसमोर नको म्हणून दिवसभर त्यांच्या दुकानात बसायचो. "उंच हायेस, हात लांब हाय. तू गोलात उभा राह्य," ते म्हणाले. माझी निवड झाली ती अशी. बाकीचे दहा जण त्यांनी गिऱ्हाइकांतून उचलले. पँटचं माप घेता घेता मांडी दाबून पाहायचे आणि म्हणायचे, "हा पळणारा हाय." लोहाराचा पोरगा, तांड्यावरचे दोघे भाऊ, देशमुखांचा धाकटा, मशिदीमागच्या गल्लीतले तिघे... क्लबाचं नाव ठेवलं 'नवयुवक'. आता त्यातले बहुतेक आजोबा झालेत, नाव तेच आहे.

मैदान म्हणजे गावाच्या उत्तरेला गावठाणाची एक मुरमाड जागा. तिथे काही उगवत नव्हतं, म्हणून ती कुणाला नको होती. दगड वेचायला आम्हाला एक उन्हाळा लागला. मग गोल रोवायची वेळ आली. चोवीस फूट रुंदी लागते, हे नजीरभाईंना पाठ होतं. माप घ्यायला त्यांनी स्वतःच्या गळ्यातला टेप काढून दिला. त्या टेपचे सुरुवातीचे तीन इंच झिजून तुटून गेले होते. दुकानात ते दहाच्या आकड्यापासून मापायचे आणि मनातल्या मनात दहा वजा करायचे, त्यामुळे कधी कुणाची बाही आखूड झाली नाही. पण मैदानात टेप माझ्या आणि लोहाराच्या पोराच्या हातात होता, आणि नजीरभाई उन्हात उभे राहून बांबू कुठला घ्यायचा यावर तावातावानं बोलत होते. आम्ही तुटकं टोक खांबाला लावलं आणि पाच वेळा टेप पुढे सरकवला. झालं. दर खेपेला तीन इंच गेले. सव्वा फुटानं लहान असलेल्या त्या गोलात मी तीन वर्षं खेळलो आणि आपल्यासारखा गोलकीपर पंचक्रोशीत नाही, अशी माझी पक्की समजूत झाली.

मग यवतमाळला एका स्पर्धेत गेलो. पहिल्याच सामन्यात चार गोल खाल्ले. चारही डाव्या खांबाजवळून. मी उजव्या खांबाला हात लावून सवयीनं दोन पावलं सरकायचो, उडी घ्यायचो, आणि बॉल माझ्या बोटांच्या वीतभर पलीकडून जायचा. परतीच्या बसमध्ये कुणी माझ्याशी बोललं नाही. देशमुखांच्या धाकट्यानं तर मला ऐकू जाईल अशा बेतानं 'म्हैस' म्हटलं. नजीरभाई खिडकीशी बसून बोटांवर काहीतरी मोजत होते. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी गवंड्याचा लोखंडी टेप मागून आणला, एकट्यानं जाऊन गोल मोजला आणि संध्याकाळी सगळ्यांना मैदानात उभं केलं. "माप माह्यं चुकलं," ते म्हणाले. "टेप माह्या होता, तुटका हाय हे मले मालूम होतं, अन् मी सांगतलं नाही. वासूनं गोल खाल्ले नाही, मी खाल्ले." मग हॉटेलात जाऊन तेच सांगितलं, पारावर सांगितलं, दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगितलं. आठवडाभर ते स्वतःची फजिती सांगत गावभर हिंडले. मी त्यांना म्हणालो, "भाई, पुरे झालं आता, लोक हसून राह्यले." ते म्हणाले, "हसू दे. तुह्यावर हसत होते, आता माह्यावर हसतात. माप बरोबर झालं."

हे मी इतक्या तपशिलानं का सांगतोय, तर मला ते जमलं नाही म्हणून.

दोन वर्षांपूर्वी आमच्या ग्रामपंचायतीनं मैदानाच्या जागेवर दुकानांचे गाळे काढायचं ठरवलं. गाव वाढलंय, रस्ता जवळ आलाय, त्यात वावगं काही नव्हतं. क्लबाला बदल्यात बायपासलगतची दीड एकर जागा मिळणार होती. मी क्लबाचा सेक्रेटरी. सरपंच म्हणजे माझ्या धुऱ्याशेजारच्या भाऊरावांचा मुलगा, मला काका म्हणणारा. त्यानं मोटरसायकलवर बसवून जागा दाखवायला नेलं. उन्हाळा होता. मी वाकून ढेकूळ उचललं, हातात चुरगाळलं. काळीभोर, भुसभुशीत, लोण्यासारखी जमीन! अशी जमीन आपल्या वाट्याला असती तर, असा एक सुस्कारासुद्धा सोडला. आणि ना हरकत पत्रावर तिथेच, मोटरसायकलच्या टाकीवर कागद ठेवून सही केली. नजीरभाईंना विचारलंसुद्धा नाही. त्यांना खूश करायचं होतं मला.

संध्याकाळी दुकानात जाऊन मोठ्या हौसेनं सांगितलं. त्यांनी मशीन थांबवली. "कोणची जागा? बायपासची?" हो म्हटलं. "ती तं काळी हाय." मी म्हटलं, "एक नंबर माती हाय भाई." त्यांनी मशीनवरचं कापड काढून बाजूला ठेवलं. मग म्हणाले, "वासू, तू तिथं पराटी लावतं का फुटबॉल खेळतं?"

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. काळी माती पराटीला, कपाशीला सोनं, पण खेळायला पावसाळ्यात चार महिने घोट्यापर्यंत चिखल, आणि उन्हाळ्यात अख्खा पाय जाईल अशा भेगा. आमचा मुरूम तासाभरात पाणी पिऊन कोरडा होतो, म्हणून तर आम्ही बारा महिने खेळतो. जन्मभर मातीत राबणारा माणूस मी, जमीन पाहिली ती पिकाच्या नजरेनं, आणि तिच्या प्रेमात पडून क्लब देऊन बसलो. असा गाढवपणा शेतकऱ्याशिवाय कुणाच्या हातून होणार नाही.

नजीरभाई चिडले नाहीत, हे जास्त लागलं. त्यांनी जाऊन ठराव वाचून घेतला. त्यात लिहिलं होतं, सदर मैदान वापराविना पडीक आहे. तो एक शब्द त्यांना झोंबला, आणि मैदान वापरात दिसेपर्यंत गाळ्यांचं काम पुढे रेटता येणार नाही हेही त्यांनी ओळखलं. "पडीक कसं होतं ते पाह्यतो मी," ते म्हणाले, आणि दुसऱ्या रविवारपासून नियम सुरू झाला. रविवारी सकाळी सहाला खेळ. पाऊस असो, लग्नसराई असो, कापूस वेचणी असो, मैदान एकही रविवार रिकामं राहायचं नाही. वय अडुसष्ट, गुडघे गेलेले, पण साडेपाचला ते सायकल हातात धरून चालत मैदानावर हजर. वेचणीच्या दिवसांत पोरं वावरात जायची, तेव्हा सात जण यायचे. मग चार विरुद्ध तीन. एकदा भाऊबीजेच्या रविवारी सगळे बहिणींकडे गेलेले, आणि मैदानात आम्ही दोघंच. मी म्हटलं, आज राहू द्या. ते पायजमा वर खोचून बॉल ठेवायला लागले. पन्नास किक मारल्या त्या म्हाताऱ्यानं माझ्यावर. मी दोनदा तोंडावर पडलो. शेवटची किक मारून सायकलकडे जाताना म्हणाले, "खेळून खेळून मी टाइम काढून देतो तुले. पण सही तुही हाय वासू. रद्द तुलेच करा लागन. ग्रामसभेत उभं राह्य अन् चुकलो म्हण. बस, एवढंच."

एवढंच होतं, पण ते माझ्यानं होईना. सगळ्या गावासमोर, भाच्या-पुतण्यांसमोर, ज्याला आपण पोरगा म्हणतो त्या सरपंचासमोर, वासुदेवरावांना माती ओळखता आली नाही असं म्हणायचं? एक ग्रामसभा मी तापाचं निमित्त करून चुकवली. दुसरीला गेलो आणि मागे बसून उठून आलो. तिसरीच्या वेळी नेरला काम काढलं. नजीरभाईंनी कधी दुसऱ्यांदा म्हटलं नाही. ते गेले तेव्हा ती सही तशीच होती. मला त्यांची आठवण येते तेव्हा आधी शरम येते, मग रडू येतं. हा क्रम काही बदलत नाही.

ते शुक्रवारी गेले आणि दोन दिवसांवर रविवार होता. मी सहाला मैदानावर गेलो तर आठ-दहा पोरं कडेला उभी. कुणी बूट घातले नव्हते. "काका, आज राहू द्या ना. बरं नाही दिसत," एक जण म्हणाला. मलाही तसंच वाटत होतं. तेवढ्यात अस्लम आला. हा पोरगा जन्मात मैदानावर आला नव्हता, त्याला खेळाचं अंग नाही. त्याच्या हातात बॉलची पिशवी होती, जी नजीरभाईंच्या घरी असायची. "अम्मीनं पाठोलं," तो म्हणाला. "म्हणे, रडायचं काम आमचं हाय, ते आम्ही करून राह्यलो. तुम्ही तुमचं करा. ग्राउंड खाली राह्यलं नाही पाह्यजे." आम्ही खेळलो. कोण जिंकलं, कुणी मोजलं नाही. मी गोलात उभा होतो आणि मला समोरचं नीट दिसत नव्हतं, पण खेळलो. घरी जाताना ठरवलं की आता टाळायचं नाही.

पंधरा ऑगस्टची ग्रामसभा झेंडावंदनानंतर शाळेच्या व्हरांड्यात भरली. विषय संपत आले तसा मी उठलो. म्हणालो, "मैदानाच्या कागदावर माही सही हाय. क्लबाला न विचारता मी केली. मी चुकलो. ती मले वापस पाह्यजे." सरपंच म्हणाला, "काका, दोन वर्सं झाली. आता काहून आठवलं?" मी म्हटलं, "आठवत तं रोज होतं बापू. लाज वाटून राह्यलती." मागून कुणीतरी टोला दिला, "शेतकरी माणूस, माती नाही समजली काय तुमाले?" म्हटलं, "समजली, म्हणून तं चुकलो. पराटीसाठी पाह्यली मी ती." सगळी सभा हसली. हसू दिलं. नजीरभाई आठवडाभर गावात का हिंडत होते ते मला त्या व्हरांड्यात कळलं. सरपंच समजूतदार आहे. म्हणाला, येत्या रविवारी आम्ही दोन्ही जागा पाहतो, मग सांगतो.

रविवारी आदल्या दिवशीचा पाऊस होऊन गेलेला. आमचा खेळ सहालाच सुरू झाला, एकोणीस जण होते. सातच्या सुमाराला सरपंच, ग्रामसेवक आणि दोन मेंबर आले. ते आधी बायपासच्या जागेवर जाऊन आले होते, हे सांगायची गरज नव्हती. सरपंचाच्या बुटांना शेर-शेर काळी माती चिकटलेली, ग्रामसेवकांची एक चप्पल हातात आणि दुसरी बहुधा तिथेच राहिलेली. ते गोलाच्या खांबाला टेकून काडीनं बूट खरवडत बसले आणि समोर एकोणीस जण कोरड्या मुरमावर धावत होते. पंधरा मिनिटांनी सरपंच माझ्याजवळ आला. "काका, गाळ्याईले दुसरी जागा पाहू. ठराव फिरवाले क्लबाचा अर्ज लागन, देजा कधी तरी." मी म्हटलं, "कधी तरी कायले? खिशात हाय." ग्रामसेवकांनी तो चिखलाच्या हातानं घेतला. ठराव अजून व्हायचा आहे, पुढच्या सभेत होईल. होईपर्यंत आणि झाल्यावरही रविवार सहाची वेळ बदलणार नाही.

खेळ संपला तसा मी चालू लागलो आणि पाय आपसूक बाजारातल्या शिलाई दुकानाकडे वळले. दर रविवारी खेळानंतर मी तिथे जायचो. नजीरभाई अर्धं शटर वर करून बसलेले असायचे, सुईत दोरा ओवायचे, चहा मागवायचे आणि स्वतः मैदानावर सगळं पाहिलेलं असूनही एकच विचारायचे. मग मी खेळणाऱ्या एकेकाचं नाव घेऊन त्या दिवशीच्या चुका सांगायचो, आणि ते मान हलवत ऐकायचे. आता मी कुणाला सांगणार होतो... तरी गेलो. शटर अर्धं वर होतं. आत अस्लम मशीनवर वाकलेला. मला पाहून त्यानं पाय थांबवला, समोरच्या हॉटेलाकडे दोन बोटं दाखवून चहा सांगितला आणि थोडा लाजत, ज्या खेळातलं त्याला ओ की ठो कळत नाही त्याबद्दल विचारलं, "काका, आज कोन कोन चुकलं?"

मी बसलो आणि पहिलं नाव माझंच घेतलं.