रीमची जागा

"तिला मागं बसव. आणि जरा डोकं वापर गं. तुमच्यात नसेल ती पद्धत, पण आता चांगल्या लोकांत वावरतेस ना?"

शाळेच्या बसच्या दारात उभी राहून एका पोराची आई, मॅडम, हे बोलली. मराठीत बोलली. तीस पोरं आणि पठाण ड्रायव्हर, तिचा पोरगा सोडला तर त्यातलं कुणालाच काही कळणार नव्हतं. मला मात्र सगळं कळणार होतं. इतक्या लांब, आखातात अल ऐनला येऊन, माझ्याच भाषेत कुणी मला चपलेपाशी ठेवलं.

मी त्या बसची आया. पोरं आंटी म्हणायची. चढवायचं, मोजायचं, उतरवायचं, कुणी ओकलं तर पुसायचं. नवरा तिथंच गॅरेजमध्ये वेल्डर. गाव आमचं महाड तालुक्यात. कुणी गाव विचारलं की मी सांगायची, आडनाव मात्र गिळायची. सवयच होती ती.

ह्या मॅडमनं पहिल्या दिवशी काय कौतुक केलं! "अय्या, तुम्ही मराठी? किती बरं वाटलं हो!" डब्यातून चकल्या दिल्या. पुढच्या आठवड्यात हळूच आडनाव विचारलं. मी मेली भोळी, सांगून बसले. त्या दिवसापासून 'तुम्ही'ची 'तू' झाले, आणि चकल्या बंद. नवरा तिचा डॉक्टर, घर मोठं, पोरगा एकच, आदि. दुसरीतला. आईनं मराठीत विचारलं तरी इंग्लिशमध्ये उत्तर देणारा. त्याला बस लागायची, म्हणून त्याची जागा पुढची, माझ्या शेजारची. त्याच्या बाजूला रीम. तिलाही बस लागायची.

रीम पॅलेस्टाईनची. आठ वर्षांची, दप्तर तिच्यापेक्षा मोठं. आईबाप इथं, आजी आणि काका तिकडं गाझामध्ये.

दोन हजार एक-दोनची ती सालं. टीव्ही लावला की तेच. एक दिवस इस्रायलची बस उडवलेली, रस्त्यावर काचा आणि चपला. दुसऱ्या दिवशी रणगाडे, पाडलेली घरं, पोर छातीशी धरून पळणारा बाप. दर आठवड्याला आधीच्या आठवड्यापेक्षा जास्त. त्या उडवलेल्या बसमध्येही कुणाची तरी लेकरंच होती. माझं कामच बसमधलं, ते बघितल्यापासून मी पोरं दोनदा मोजायची. नवरा चॅनल बदलायचा.

एकदा रीमनं आदिला सांगितलं, की काकाचं घर पाडलं आणि चुलतभाऊ आतच राहिला. जसं कळलं होतं तसं सांगितलं तिनं. आदि रात्रभर झोपला नाही. आईच ती, घाबरली. तेवढं मी समजू शकते. पण सकाळी बसच्या दारात, 'तिला मागं बसव' म्हणून झाल्यावर, पुढं काय म्हणाली ऐका. "ही लोकं बस उडवतात, टीव्हीवर बघत नाहीस? माझ्या मुलाशेजारी ती नको."

आठ वर्षांची पोर बस उडवणार होती. आता बोला.

आणि मी काय केलं? मी "हो मॅडम" म्हणाले. नोकरी जाईल ही भीती होतीच. पण खरं सांगू? 'हो' म्हणायची माझ्या जिभेला सवय होती. रीमकडं वळले, 'चल गं लाडके' असं तिच्याच अरबीत म्हणाले. "यल्ला हबीबती, गो बॅक सीट."

"व्हाय, आंटी?"

मी तिचं दप्तर सीटवरून खाली काढलं. तिनं माझ्याकडं बघितलं. मग म्हणाली, "ओके. खलास." दप्तर ओढत गेली. रडली असती तर बरं झालं असतं.

गावच्या शाळेत गुरुजी मला दाराजवळ बसवायचे. बाहेर पोरांच्या चपला, आत मी. पावसाची झड यायची ती माझ्याच पाटीवर. साहेब तपासणीला आले की मला तेवढ्यापुरतं पुढं ओढायचे, साहेब गेले की परत दारात. 'मागं हो' म्हणजे काय, हे मला कुणी शिकवायला नको. तो शब्द मी लहानपणी रोज खाल्लाय. आणि त्या सकाळी तो माझ्याच तोंडातून निघाला, एका पोरीसाठी.

मागच्या सीटवर मोठी पोरं बसायची. महिनाभरात त्यांनी एक खेळ काढला. टीव्हीवर सैनिकांचे तपासणी नाके बघूनच काढला असणार. दोन सीटांमधल्या वाटेवर पाय आडवे टाकायचे आणि रीमला अडवायचं. आदिलाही एव्हाना मागं जायची हौस आली होती. आईला भीती, पोराला मजा!

त्या दुपारी रीमचं घर आलं. खाली तिची आई उभी, कडेवर तान्हं. मी हाक मारली, "रीम, यल्ला!" ती येईना. म्हणून मागं गेले. वाटेत आदि उभा. हातात लाकडी फूटपट्टी, बंदुकीसारखी धरलेली.

"पेपर्स! शो मी युवर पेपर्स!"

रीमनं गळ्यातलं शाळेचं ओळखपत्र काढून पुढं धरलं होतं. पोरं हसत होती. तिचा स्कर्ट ओला, मोजे ओले, खाली लघवीचं थारोळं.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. फूटपट्टी हिसकावली, पाय बाजूला लोटले, तिला उचललं. खाली उतरून आईपाशी उभं केलं. तिनं ओला स्कर्ट बघितला. मग मोकळ्या हातानं माझा हात धरला. "शुक्रन, उख्ती." म्हणजे आभारी आहे, बहिणी.

आभार! माझे! जिनं तिच्या लेकीला तिथं नेऊन बसवलं, तिचे!

मी बसमध्ये चढले आणि गुडघे टेकून ती जागा पुसली. पुसता पुसता हमसून हमसून रडले. ड्रायव्हर म्हणाला, "क्या हुआ, बहन?" मी फडकं पिळलं.

दुसऱ्या दिवशी रीमला मी पुढं बसवलं, तिच्याच जागेवर. मॅडमच्या दारात बस थांबली. तिनं आत बघितलं.

"ए, तुला सांगितलं होतं ना?"

"ती इथंच बसणार. तुमच्या मुलाला बाजूला बसायचं तर बसू दे, नाहीतर मागं जागा आहे. आणि मला 'तुम्ही' म्हणायचं. पहिल्या दिवशी म्हणत होता तसं."

तिनं तिथंच फोन काढला.

दुपारपर्यंत तक्रार गेली. सुपरवायझरनं कागद पुढं केला. 'पालकांशी उद्धट वागले, माफी मागते.' सही कर, खलास, म्हणाला. मी पेन घेतलं आणि खाली मराठीत लिहिलं. 'मी रीमला मागं बसवलं, ते चुकलं. पुढं बसवलं, ते बरोबर. माफी मागायची तर रीमची मागीन.' खाली माझं पूर्ण नाव, आडनावासकट. ते आडनाव मी त्या देशात मराठीत पहिल्यांदा लिहीत होते. अक्षरं जरा मोठीच काढली.

नोकरी गेली. नवरा ओरडला, "कुठं पॅलेस्टाईन, कुठं आपण! तुला काय पडलंय?" मी म्हणाले, "शाळेच्या दारात तुम्हीपण बसलाय की." त्या दिवशी त्यानं चॅनल बदललं नाही.

शुक्रवारी मी रीमच्या घरी गेले. तिच्या आईनं चहा दिला, खजूर दिले. आतून रीमचा आवाज येत होता. आईनं दोनदा हाक मारली. ती बाहेर आली नाही.

बरोबर केलं पोरीनं. माझी माफी घ्यायला ती काही बांधलेली नव्हती. टीव्हीवर आणखी एक घर पडत होतं. मी कप खाली ठेवला आणि निघाले.

माझ्यावर रीमचं जे आहे, ते फिटलेलं नाही. फिटावं असं मला वाटतही नाही. त्यानंतर मी आणखी दोन ठिकाणी काम केलं. दोन्हीकडं पहिल्या दिवशी, कुणी विचारायच्या आधी, आडनाव मीच सांगितलं. आणि हेही सांगितलं, की पडेल ते काम करीन, पण कुणाला मागं बसवायला सांगू नका. ते मी एकदा केलंय.