एका खात्याला एकच घर

पैसे मी मोजले, वस्तू माझ्या घरात आहे, आणि तरी तिला हात लावायची मला परवानगी नाही, हे मला एका पेटीने सांगितलं. भाकरी थापून नुकतीच टीव्हीसमोर येऊन बसले होते. पडद्यावर कुलपाचं चित्र होतं आणि खाली एक ओळ, की हा गेम खेळण्याचा परवाना या खात्याकडे नाही. परवाना कसला? मी काय बंदूक मागत होते? ती ओळ आठवली की आजही माझं डोकं फिरतं.

आमचं घर ब्राह्मणपुरीला. सासरे गेल्यावरही काही वर्षं दोघे भाऊ एकत्रच होते. नवऱ्याचे थोरले भाऊ म्हणजे आमच्याकडे जेठ, त्यांची बायको माझी जाऊ, तिला मी ताई म्हणते, आणि आम्ही नवराबायको. पुतण्याने दहावीनंतर हट्ट करून गेमची पेटी घ्यायला लावली आणि पुढे शिकायला बाहेरगावी निघून गेला. पेटी टीव्हीखाली पडून राहिली. केळीच्या बागेतली माणसं जेवून गेली की दुपारी थोडा वेळ आमचा असायचा. त्या वेळात ताईने एकदा ती चालू केली, आणि तिच्यामुळे मलाही नाद लागला.

पुतण्याचे मारामारीचे गेम आम्हाला नको होते. आम्ही आमचा एक घेतला. त्यात एक ओसाड बेट मिळतं. तण काढायचं, झाडं लावायची, मासे धरायचे, घर बांधायचं. दिवसभर शेत आणि दुपारी पुन्हा शेतच का, असं घरातले पुरुष हसायचे. हसू देत. खऱ्या शेतात कापूस लावायचा की ऊस, हे आम्हा दोघींना कोणी कधी विचारलं होतं? बेटावर आम्ही ठरवायचो. पेरूची रांग कुठे, तळं कुठे, ओटा केवढा, सगळं आमच्या मनाने. तिथे आमची दोन घरं होती, शेजारी शेजारी, अंगण एक. मी एकदा मधे कुंपण घालायला निघाले तर ताईने घालू दिलं नाही. आम्ही भांडलोसुद्धा त्यावरून, आणि ती जिंकली.

गेमचे पैसे आम्ही निम्मे निम्मे घातले होते, दुधाचे जे आमच्या हाती राहायचे त्यातून. खातं मात्र जेठांच्या नावावर उघडलं. आमच्याकडे मीटर मोठ्याच्या नावावर, गॅस मोठ्याच्या नावावर, ट्रॅक्टर मोठ्याच्या नावावर. पेटीने मोबाइल नंबर विचारला तेव्हा दुसऱ्या कोणाचा द्यावा हे आमच्या मनातही आलं नाही.

मग जेठांनी शहाद्याला ठिबकच्या नळ्यांचं दुकान टाकायचं ठरवलं आणि वाटणी झाली. आमच्याकडे वाटणीची एक रीत आहे आणि ती मला अजून पटते. भावांचे मामा पंच म्हणून बसतात. मोठा भाऊ वाटे पाडतो आणि पहिली उचल धाकट्याची असते. त्यामुळे मोठा कमी-जास्त करत नाही, कारण आपल्या वाट्याला काय उरेल हे त्याला ठाऊक नसतं. पितळी हंडे, कोठ्या, पलंग, दोन ढीग लागले. टीव्ही आणि त्याखालची पेटी एका ढिगात होती, तो ढीग माझ्या नवऱ्याने उचलला. ताई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. बेटाचं काय करायचं हे पंचांना विचारायला गेलो असतो तर मामांनी आमच्या डोक्यावर परिणाम झाला म्हटलं असतं. उठताना त्यांनी दोघा भावांना बजावलं, "आते एकमेकना वाटाकडे देखानं नै."

पेटी आमच्याकडे आली म्हणजे बेट आमच्याकडे आलं, असं मी समजले. महिनाभर खेळलेही, एकटीच. ताईच्या अंगणातलं तण मीच काढायचे. मग दिवाळीला पुतण्या शहाद्याला, जेठांच्या नव्या घरी, आला, त्याने तिथे नवी पेटी घेतली, बापाचं खातं तिच्यावर चढवलं आणि हीच आता घरची पेटी असं तिला सांगून टाकलं. त्याच संध्याकाळी माझ्याकडे कुलूप लागलं.

कंपनीचा कायदा असा, की एका खात्याला एकच घरची पेटी. आणि बेट असतं पेटीच्या पोटात. म्हणजे बेट माझ्याकडे आणि ते उघडायचा हक्क शहाद्याला. ताईने तिकडे गेम लावला तर तिला नवं, रिकामं, तणाने भरलेलं बेट मिळालं. दोघींनी पैसे भरले आणि दोघींच्या हाती धुपाटणं.

ताईला फोन करून मागायची सोय नव्हती. वाटणीनंतर दुसऱ्याच्या वाट्यातलं मागणं आमच्याकडे हलकं समजतात, आणि त्यात बांधावरच्या चिंचेवरून दोघे भाऊ बोलेनासे झाले होते. म्हणून मी कंपनीलाच गाठलं. फोनवर लिहून बोलायची सोय होती. तिकडून उत्तरं इंग्रजीत यायची, मी मोबाइलकडून मराठी करून घ्यायचे. मी नवं खातं माझ्या नावावर उघडलं होतं. गेम त्यावर चढवून द्या म्हटलं. चढवता येत नाही म्हणाले. बरं, निम्मे पैसे माझे होते, निम्मा हक्क द्या. तसंही होत नाही. मग ज्याने विकला त्याच्याकडून परत विकत घेते. ते म्हणाले, बाई, तुम्हाला गेम विकलेलाच नाही, फक्त खेळायची मुभा दिली आहे. घ्या. पैसे घेताना पडद्यावर "विकत घ्या" असं लिहिलेलं होतं, ते मी माझ्या डोळ्यांनी वाचलं होतं.

शेवटी त्यांनी एक वाट दाखवली. कुटुंबातल्या माणसांना एकमेकांचे गेम खेळता येतात. माझं खातं जेठांच्या कुटुंबात तात्पुरतं धरून त्यांनी विचारलं, तुम्ही आणि खातेदार एकाच घरात राहता का.

इथे काय झालं ते आमच्याकडच्या माणसालाच कळेल. आमच्या कचेऱ्यांमध्ये एकत्र आहोत म्हटलं की काही मिळत नाही. विभक्त म्हटलं तर नवं रेशनकार्ड, विभक्त म्हटलं तर वेगळी गॅसची टाकी, विभक्त म्हटलं तर घरकुलाच्या यादीत नाव. तिथे साहेब संशयाने बघतो, खरंच वेगळे आहात का, आणि आपण शपथेवर सांगायचं की चूल वेगळी आहे. मला वाटलं हाही तसाच साहेब. मी ठासून लिहिलं की आम्ही पूर्ण विभक्त आहोत, रीतसर वाटणी झाली आहे, पंचांसमोर. वर विचारलं नसताना नव्या रेशनकार्डाचा फोटोही जोडला, म्हणजे काम लवकर होईल.

काम लवकरच झालं. उत्तर आलं की कुटुंब म्हणजे एका छपराखाली राहणारी माणसं. तुम्ही वेगळ्या राहता हे तुम्हीच कळवलंत, तेव्हा तुम्हाला या कुटुंबातून काढलं आहे आणि वर्षभर पुन्हा घेता येणार नाही. खाली आभार मानले होते आणि आमची सेवा कशी वाटली ते तारे देऊन कळवा म्हटलं होतं.

कुटुंबातून काढलं. माझ्या सासूने मला कधी काढलं नाही, आणि तिचं माझं काय सख्य होतं ते गावाला माहीत आहे. हे कोण कुठले लोक, साता समुद्रापलीकडे बसून मला सांगणार की ताई माझी कोणी नाही? काठी मारल्याने पाणी तुटत नाही, हे आमच्याकडे गुरं वळणाऱ्यालाही कळतं. आमची विहीर जेठांच्या वाट्याला गेली. म्हणून आमचं पाणी कोणी तोडलं का? पाळ्या लावल्या, काही दिवस त्यांची मोटार, काही दिवस आमची. मामांनी आयुष्यात संगणक पाहिला नाही, पण त्यांना हे सुचलं. जमीन तुटते, विहीर तुटत नाही, ती दोघांची राहते. एवढी मोठी कंपनी, एवढी शिकलेली पोरं तिथे, आणि एका गेमला दोन घरांची पाळी लावता येत नाही म्हणे. येत नाही कसलं, लावायची नाही. दोघींनी दोनदा विकत घ्यावा एवढंच त्यात आहे.

नवरा म्हणाला, घे नवा, मी देतो पैसे. त्याला वाटलं पैशाचं दुखणं आहे. नव्या गेममध्ये रिकामं बेट मिळतं आणि तिथे ताईचं घर नसतं, हे त्याला कसं सांगायचं?

शेवटी मी ताईला फोन केला, रीत गेली खड्ड्यात. तिने सगळं ऐकलं. तिच्याकडच्या रिकाम्या बेटावर तिने काहीच लावलं नव्हतं. ती म्हणाली, जेठांकडून कंपनीला लिहवून घेऊ की आपण एकाच घरात राहतो, चूक झाली होती. तिने जेठांना विचारलं, मी नवऱ्याला विचारलं. जेठ म्हणाले, कुठेही एकत्र असं लिहून दिलं तर उद्या वाटणी मोडली असा अर्थ निघेल. माझा नवरा अक्षरशः तेच बोलला. चिंचेच्या चार शेंगांवर ज्यांचं एकमत होत नाही, ते दोघे भाऊ वाटणीनंतर पहिल्यांदा कशावर एक झाले असतील तर यावर. मी त्या दिवशी कोणाला चहा दिला नाही.

पुढच्या आठवड्यात ताई एसटीने आली. भाच्याच्या लग्नाच्या पत्रिका वाटायच्या आहेत असं घरी सांगून निघाली होती. पिशवीत पत्रिका होत्या, आणि पत्रिकांखाली जेठांचा फोन होता. पेटीचा गुप्त आकडा त्याच नंबरवर येतो, हे तिने पुतण्याकडून काढून घेतलं होतं. आणखी एक गोष्ट तिने त्याला खोदून विचारली होती. खातेदाराने ज्या पेटीला आपल्या घरची म्हटलं, तिच्यावर त्या घरातलं कोणीही खेळू शकतं. मग शहाद्याची पेटी पाहुणी होणार. आणि ही अदलाबदल हवी तेव्हा करता येत नाही, वर्षातून मोजक्याच वेळा.

मी तिला म्हटलं, तुझ्याकडे मग रोज अडेल, नेट नसलं की बंद पडेल, तुला तिथे काय राहील? तिने पेटी चालू केली. जेठांचं खातं माझ्या पेटीवर चढवलं, आकडा टाकला. पडद्यावर प्रश्न आला, ही पेटी तुमच्या घरची म्हणून ठेवायची का. खाली होय आणि नाही. मी तिच्याकडे बघत होते. तिने चष्मा पुसला, प्रश्न पुन्हा वाचला आणि होय दाबलं.

बेट उघडलं. तण कमरेएवढं झालं होतं. तिने तिचं घर बघितलं, माझं बघितलं, आणि आम्ही दोघी खाली बसून तण उपटायला लागलो.

मध्येच पिशवीतला फोन वाजला. दुकानातल्या पोऱ्याचा नंबर होता. जेठ स्वतःचाच फोन शोधत होते. ताईने उचलला. त्यांचा आवाज एवढा मोठा की मला सगळं ऐकू येत होतं.

"कोठे शे तू?"

"घर शे."

"घर तर मी शे. तू दिखत नै."

ताईने पडद्यावरची नजर हलवली नाही. एका हाताने ती अजून तण काढत होती.

"ब्राह्मणपुरीना घर शे मी," ती म्हणाली. "काम सरनं का येस."