संगीतकारांचं बोट

नगरमधल्या सावेडीच्या आमच्या नाक्यावर संगीतकारांनी बोट वर केलं की सगळ्यांनी गप्प बसायचं, असा अलिखित कायदा होता. चहावाल्याचा चमचा थांबायचा, रिक्षावाले चालू भांडण तसंच हातात धरून ठेवायचे. संगीतकार डोळे मिटून ऐकायचे आणि म्हणायचे, "ऐकलंत? स्टोव्ह घाबरलाय. रॉकेल संपत आलंय त्याचं." खरंच थोड्या वेळात स्टोव्ह विझायचा. मग भांडण पुढे सुरू.

त्यांना नाव होतं, पण लांबलचक होतं. दारावरच्या पाटीवर पेंटरनं आधी 'संगीतकार' असं ठसठशीत लिहिलं आणि नावाला जागाच उरली नाही. "राहू दे," ते म्हणाले, "काम कळलं म्हणजे झालं." तेव्हापासून पोस्टमनपासून दूधवाल्यापर्यंत सगळ्यांचे ते संगीतकार. काम मात्र कुणालाच कळलं नाही.

मी तिसगावचा. आमच्या घरातला पहिला बी.ए., तेही इंग्रजी घेऊन. हे मी आजही सांगतो, कुणाला त्यात मिरवणं वाटलं तर वाटू दे. आमच्या आईनं त्यासाठी रोजगार हमीवर खडी फोडली आहे. नगरला नोकरी लागल्यावर मी संगीतकारांच्या शेजारच्या खोलीत राहायला आलो आणि त्यांचा इंग्रजी पत्रव्यवहार आपोआप माझ्याकडे आला. पत्रव्यवहार म्हणजे वर्षाला दोन पत्रं. पण चारचौघांत ते माझी ओळख करून द्यायचे, "हे आमचे सेक्रेटरी. बी.ए. आहेत." मलाही ते ऐकायला बरं वाटायचं.

चित्रपट त्यांनी एकच केला. निर्माता ऊसवाहतुकीचा ठेकेदार, त्याला सगळे शेठ म्हणत. शेठची मागणी साधी होती. "संगीतकार, गानं असं पाहिजे की बायांचे पदर पिळून काढावं लागलं पाहिजेत." पाच गाणी झाली. मग शेठच्या मेव्हण्याला, नंतर वितरकाला आणि शेवटी वितरकाच्या ड्रायव्हरलाही संगीतातलं कळतं असं निघालं. प्रत्येकानं काही ना काही बदललं. पहिल्याच खेळाला आम्ही दोघं गेलो, तर नायिका सासर सोडते तिथली बासरी तेवढी संगीतकारांची उरली होती, आणि तिच्यावरून एस.टी. जात होती. "गाडीनं साथ बरी केली," बाहेर येऊन ते म्हणाले.

नाटकांचीही तीच गत. स्पर्धा जवळ आली की बँकेत नोकरी करणारे एक दिग्दर्शक त्यांच्या दारात यायचे. त्यांच्या प्रत्येक नाटकात शेवटी कुणीतरी मरायचं आणि तिथं त्यांना सनई हवी असायची. संगीतकारांनी एकदा तिथं नुसती नळाची टिपटिप दिली.

"अहो, बाप मेलाय त्याचा! लोकांना रडू नको का यायला?"

"रडायचं काम नटाचं. त्याच्या आधी मीच रडलो तर तो बिचारा काय करील?"

प्रयोगाला दिग्दर्शकांनी गुपचूप सनईची कॅसेट लावली. पार्श्वसंगीताचं दुसरं बक्षीस मिळालं. नाव पुकारलं तरी संगीतकार खुर्चीतून हलेनात. "सनईला पाठवा," म्हणाले. प्रमाणपत्र मीच आणलं. ते त्यांनी पेटीच्या फाटक्या भात्याला आतून चिकटवलं आणि वाजवून बघितलं. "बक्षिसाचा उपयोग झाला, सेक्रेटरी."

असं हसत असले तरी आत काहीतरी सलत होतं. एकदा जिना चढता चढता थांबून म्हणाले, "एकदा तरी माझं काहीतरी पहिल्यापासून शेवटपर्यंत, मधे कुणी हात न घालता, लोकांनी ऐकावं. मग आवडू दे नाहीतर न आवडू दे."

ती संधी पुण्याच्या एका नृत्यदिग्दर्शक बाईंनी आणली. बाईंचा नाच नव्या तऱ्हेचा. घुंगरू नाही, गाणं नाही, गोष्ट नाही. नाक्यावर चर्चा झाली, "ह्याला नाच म्हनायचं का पीटी?" बाईंना राबणाऱ्या बायकांवर नृत्य बसवायचं होतं. संगीतकारांनी माझ्याकडे बघितलं. "तुमच्या आई अजून खडीवर जातात ना?"

आम्ही टेपरेकॉर्डर घेऊन तिसगावला गेलो. भर उन्हात दहाबारा बाया ओळीनं बसून खडी फोडत होत्या. संगीतकार मधोमध माइक धरून उभे. आईनं मला बाजूला घेतलं. "खडीचा आवाज कशाला रं घ्यायचा? तुझ्या सायबाला ऊन लागलंय व्हय?" तरी बाया हसत हसत कामाला लागल्या. एकीचा हातोडा दुसरीच्या मधे पडायचा, तिसरीचा दोघींच्या मागून. संगीतकारांचं बोट वर गेलं ते खाली यायलाच तयार नाही. अकरा मिनिटांनी आई वैतागून ओरडली, "झालं न्हवं तुमचं? मग सावलीला बसा की जरा, बाबांनो!"

नंतर ते आईचं वाक्य पुसू का, असं मी विचारलं. संगीतकार चिडले. "बी.ए. झालात, पण कान नाही झाला तुमचा. तोच तर शेवट आहे." त्यांनी अर्ध्यावरून खडीच्या आवाजाखाली पेटीचा एकच सूर धरला, बाकी कशाला हात लावला नाही.

प्रयोग नगरच्या सभागृहात होता. आईला मी नवी साडी नेसवून पहिल्या रांगेत बसवलं होतं. स्पीकरवाला आमच्या नाक्यावरचाच, बबन. पडदा उघडला, खडी वाजायला लागली आणि आईनं माझा हात घट्ट धरला. विंगेत संगीतकार डोळे मिटून उभे. आणि सवयीनं, आनंदानं, त्यांचं बोट वर गेलं.

बबननं ते बघितलं. बोट वर म्हणजे सगळं बंद, हे तो वर्षानुवर्षं शिकला होता. त्यानं इमानदारीत बटण बंद केलं.

पोरी बिचाऱ्या तशाच नाचल्या. पावलांचा आणि श्वासांचा तेवढा आवाज. संगीतकारांनी डोळे उघडले, बबनला खुणा केल्या, पण बोट पुन्हा वर गेलं आणि बबन जास्तच गप्प झाला. शेवटी टाळ्यांचा कडकडाट. सांस्कृतिक मंडळाचे अध्यक्ष भाषणात म्हणाले, "मौनाला सूर देण्याचं धाडस आपल्या नगरच्या मातीतच आहे!" पेपरात तेच आलं. मग दिल्लीचं बोलावणं आलं. बाई सरळ मनाच्या, कॅसेट लावायचीच म्हणाल्या. आयोजकांनी कळवलं, आम्हाला ते मौनच पाहिजे. होकाराचं पत्र मीच लिहिलं. पुढे परदेशातही प्रयोग झाले आणि प्रत्येक पत्रिकेवर संगीतकार म्हणून त्यांचं नाव, या वेळी पूर्ण.

"माझी एकच रचना कुणाला बिघडवता आली नाही," ते म्हणायचे, "ती ही." बबनवर कधी रागावले नाहीत. पण आई भेटली की विचारायची, "आमचा आवाज कवा लावनार?" आणि मग त्यांना कुठं बघावं ते कळायचं नाही. "लावू, आई," एवढंच म्हणायचे.

ते राहिलंच. पुढे काही वर्षांनी एका दुपारी ते पेटीजवळ बसल्या बसल्या गेले. शोकसभा त्याच सभागृहात झाली. शेठ आले होते, आपण नवोदिताला संधी दिली म्हणाले. दिग्दर्शक सनईवर बोलले. अध्यक्षांनी रुमाल काढला. "मौनाच्या या उपासकाला आपण मौनानंच श्रद्धांजली वाहू. कृपया स्तब्ध उभे राहावे."

सभा उभी राहिली. आईला घेऊन मी बबनच्या यंत्राजवळच बसलो होतो. मी खिशातली कॅसेट काढून यंत्रात घातली.

खडी वाजायला लागली. लोक एकमेकांकडे बघायला लागले, पण श्रद्धांजलीतून हलायचं कसं? अध्यक्षांनी बबनला डोळ्यांनी दटावलं. बबनचा हात बटणाकडे गेला. मी बोट वर केलं. त्यानं माझ्या बोटाकडे बघितलं, हात मागे घेतला आणि हळूच म्हणाला, "आता न्हाई चुकायचो, सेक्रेटरी."

दोन मिनिटं झाली, पाच झाली. शेठ या पायावरून त्या पायावर, अध्यक्षांच्या कपाळाला घाम. पेटीचा सूर आला तेव्हा बबन डोळे पुसत होता. माझ्या शेजारी आई ताठ उभी, ओठ हलवत हातोडे मोजत होती. अकरा मिनिटं कुणी मधे हात घातला नाही.

मग खडी थांबली आणि सभागृहभर आईचा आवाज घुमला, "झालं न्हवं तुमचं? मग सावलीला बसा की जरा, बाबांनो!"

अध्यक्षांच्या सूचनेची वाट न बघता सगळी सभा मुकाट खाली बसली.