मुबारकचा उजवा हात

सगीराबींना कोर्टात एकच गोष्ट ऐकायची होती आणि ती विचारायची सोय नव्हती.

त्यांचे पती मुबारक शेख फुलंब्रीचे. औरंगाबादेत शहागंजला त्यांचं शिलाई मशीन दुरुस्तीचं दुकान होतं. रोज लुनावर जा-ये. वाटेत रस्त्याला लागून एक लहान दर्गा आहे. तिथं हिंदू असो की मुसलमान, गाडीवरचा माणूस उजवा हात कपाळाला लावूनच पुढं जातो. सगीराबी पूर्वी दर गुरुवारी नवऱ्याच्या मागं बसून तिथं जायच्या. गुडघे धरले आणि ते बंद झालं. मग रोज सकाळी त्या दारातून सांगायच्या, "मेरा भी सलाम बोलना."

"एका हातात दोघांचा मावंल का? तुझा लई मोठा असतो," मुबारक म्हणायचे.

१९९४च्या हिवाळ्यात, त्याच दर्ग्यासमोर, मागून आलेल्या टेम्पोनं लुनाला धडक दिली. मुबारक जागीच गेले. भरपाईचा दावा दाखल झाला. विमा कंपनीनं उत्तर दिलं की मयतही निष्काळजी होता, चूक दोघांची धरावी.

चुकीची ही वाटणी सगीराबींच्या मनात आधीपासूनच चालू होती. हात उचलल्यामुळे नवरा गेला असेल, तर त्या हातात त्यांचाही सलाम होता. हात उचललाच नसेल, तर त्या सकाळी सांगितलेलं पोचलंच नाही. यातलं कोणतं ऐकावं, हे त्यांना ठरवता येत नव्हतं.

साक्षीला बन्सी आला. मुबारकचा गावातला दोस्त. त्या सकाळी तो दर्ग्याजवळ एसटीची वाट बघत उभा होता. कंपनीच्या वकिलांनी विचारलं, "मयत गाडी नीट चालवायचे?"

"येकदम सज्जन माणूस, साहेब. किती घाईत असला तरी दर्ग्याला हात केल्याबिगर गेला नाय कधी."

"त्या दिवशीही केला?"

"केला की. म्या सोता बघितला."

"म्हणजे गाडी एका हातावर होती," म्हणून वकील खाली बसले. दोस्ताचं नाव राखलं, अशा समाधानात बन्सी पिंजऱ्यातून उतरला. मागच्या बाकावर सगीराबींनी बुरख्याचा पडदा तोंडावर ओढून घेतला.

व्हरांड्यात त्यांचे वकील आप्पासाहेब बन्सीवर उखडले. "तुला त्याच्या सज्जनपणाचा दाखला कुणी मागितला होता?"

"मंग दर्ग्याच्या बाबतीत खोटं बोलू व्हय?"

"पुन्हा उभा करतो. लांबून नीट दिसलं नाही, एवढंच म्हण."

"नको साहेब," सगीराबी म्हणाल्या. "केला तर केला."

पुढच्या तारखेला टेम्पोचालक फकिरा साक्षीला उभा राहिला. त्याचं म्हणणं, लुना एकदम हळू झाली, आपला इलाज चालला नाही. आप्पासाहेबांनी विचारलं, "या रस्त्यानं किती वर्षं गाडी चालवता?"

"धा-बारा."

"तुम्ही हात करता दर्ग्याला?"

फकिराला प्रश्नाचा रागच आला. "करतो म्हंजी? समदेच करतात. न करून कसं चालंल?"

"मग तिथं पुढची गाडी हळू होणार, हे ठाऊक होतं तुम्हाला."

फकिरानं कंपनीच्या वकिलांकडे बघितलं. ते कागद चाळत होते.

"ठाऊक होतं," तो म्हणाला.

निकालात तेच आलं. त्या जागी वाहनं हळू होतात हे माहीत असताना चालकानं पुढच्या गाडीपासून पुरेसं अंतर ठेवलं नाही. मयतानं हात उचलणं हे अपघाताचं कारण नव्हे. निष्काळजीपणा सर्वस्वी टेम्पोचालकाचा. आप्पासाहेबांनी हे सोपं करून सांगितलं. सगीराबींनी विचारलं, "म्हणजे हाताचा कसूर नाही?"

"अजिबात नाही."

जिन्यावर गुडघ्यांमुळे त्यांना वेळ लागत होता. बन्सी एक पायरी खाली थांबून थांबून उतरत होता.

"बन्सीभाई, हात वर केला तेव्हा ते काही बोलले का? होठ हलले?"

बन्सी आठवू लागला.

"थंडी होती ना, भाभी. तोंडाला रुमाल बांधलेला होता. नाय दिसलं."

"कोणता रुमाल?"

"निळा."

"हां," त्या म्हणाल्या, "निळाच होता," आणि कठडा धरून पुढची पायरी उतरल्या.