ऋषीचा भिवापूरचा क्लोजअप

आमच्या ऋषीच्या पायाला भिंगरी आहे. मोठी बहीण आहे म्हणून कौतुकानं सांगत नाही, वैतागून सांगतेय. नागपुरात बेस्यातल्या घरी जेवायला बसला तरी कान फोनकडे. लग्नाच्या शूटिंगपासून सुरुवात केली. मग वाघांच्या माहितीपटासाठी महिनोन् महिने जंगलात बसला. मग मुंबईच्या सिनेमात शिरला आणि नायिकांच्या डोळ्यांतलं ग्लिसरीन असं चमकवू लागला की थेटरातल्या बाया पदर डोळ्याला लावायच्या. कॅमेरा हातात असला की माणूस शहाणा. खाली ठेवला की जिवाला चैन नाही.

मागच्या हंगामात त्यानं भिवापूरच्या मिरची खुडणाऱ्या बायांवर माहितीपट केला. त्यांतल्या अंजनाबाई लाल ढिगाऱ्याशी बसून देठ खुडत होत्या, सगळ्यांना हसवत होत्या आणि डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. फाटक्या ताडपत्रीतून ऊन चेहऱ्यावर पडलं होतं. ऋषीनं ते सगळं अगदी जवळून टिपलं. दिग्दर्शकानं हसणं कापलं, धारांखाली रडवी बासरी घातली. वाहवा झाली. त्याच एका क्लोजअपवरून मुंबईचा मोठा सिनेमा चालून आला.

दुसरा कुणी पेढे वाटत सुटला असता. हा गच्चीवर येरझारा घालत बसला.

"ताई, ते मिरचीचं पाणी होतं वं! बाई हसून राहिली होती. खोट्या रडण्यावर मी सिनेमा घेऊ काय?"

"मग दिग्दर्शकाले सांग."

"सांगितलं. तो म्हणते, लोकायले आवडून राहिलं, कायले छेडतो?"

त्यातच कळलं की अंजनाबाईंच्या लेकीनं, देवकीनं, सासरी मोबाइलवर तो माहितीपट पाहिला आणि आईच्या काळजीनं पिशवी भरून ती माहेरी आली. झालं! ऋषीनं ताट सारलं. न कापलेलं चित्रण लॅपटॉपमध्ये घेतलं आणि मला गाडीत कोंबलं. "बायामाणसात तू बोलशील," म्हणे. भिवापूरच्या वाटेवर उमरेडपर्यंतच त्यानं चारदा गाडी थांबवली आणि चारदा चहा अर्धा टाकला.

अंजनाबाईंनी आम्हाला बाजेवर बसवलं. ऋषीनं घाईघाईनं लॅपटॉप देवकीपुढे धरला. पडद्यावर अंजनाबाई कुणाची तरी नक्कल करत होत्या, बाया लोळून हसत होत्या, मग त्यांनी मिरचीचा हात डोळ्याला लावला.

"पाह्य देवकीताई, हे खरं आहे. माय मजेत होती. डोळ्यात तिखट गेलं, बस्स. तुम्ही फुकट घोर लावून घेतला."

देवकीनं पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा पाहिलं. ऋषीचा गुडघा नुसता हलत होता.

"भाऊ, पाणी मिरचीचंच असन," ती हळूच म्हणाली. "मी त्याच्यासाठी नाही आली. तुमी तोंड एवढं जवळून दाखवलं न, म्हणून तिच्या डोळ्यातलं दुख दिसलं. दादा घर सोडून गेला तवापासून माय ते असंच हसून झाकते. मी सणाले येतो, तवा मले कधी दिसू देत नाही."

ऋषी अंजनाबाईंकडे वळला. त्याचा आवाज लहान मुलासारखा झाला होता.

"काकू, तुमीच सांगा. मिरचीच होती न?"

अंजनाबाईंनी त्याच्याकडे पाहिलंच नाही. पदर सावरत त्या लेकीवर खेकसल्या, "गप वं देवके! पाव्हण्यायसमोर घरचं काहून काढून राहिली?"